हैदराबाद, फसली 1357

27 ऑक्टोबर 1947 ची पहाट. निजामाचे शिष्टमंडळ त्या दिवशी हैदराबादहून दिल्लीला निघणार होते. भारत सरकारशी करायच्या जैसे थे कराराचा मसुदा तयार होता, निजामाच्या कार्यकारी मंडळाने तो बहुमताने मान्य केला होता, राहिली होती ती सही. पहाटे तीनच्या सुमारास हजारोंचा जमाव तीन घरांभोवती गोळा झाला. एक घर पंतप्रधान असलेल्या छत्तारीच्या नवाबांचे, दुसरे शिष्टमंडळातले सर सुलतान अहमद यांचे, तिसरे निजामाचे इंग्रज कायदेपंडित सर वॉल्टर मॉंक्टन यांचे. शिष्टमंडळाने शहर सोडू नये एवढीच जमावाची मागणी होती. पोलीस जागचे हलले नाहीत. शेवटी लष्कराने या तिघांना तिथून बाहेर काढले. शिष्टमंडळ गेले नाही. छत्तारीच्या नवाबांनी राजीनामा दिला, नव्या माणसांनी पुन्हा बोलणी केली आणि जवळपास त्याच मजकुराच्या करारावर निजामाने महिनाभराने, 29 नोव्हेंबरला, सही केली.

भारतीय फौजा हैदराबाद संस्थानात शिरायला अजून साडेदहा महिने होते. पण मला विचाराल तर राजधानी म्हणून हैदराबाद बदलले ते या पहाटे. दोनशे वर्षे ज्या शहरात निर्णय वाड्यात होत आणि रस्त्यावर कळत, तिथे रस्त्याने वाड्याला थांबवले होते आणि पोलिसांनी ते बघत उभे राहायचे ठरवले होते. हैदराबादचे फसली वर्ष ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात सुरू होई. फसली 1357 नुकतेच लागले होते. हे वर्ष संपण्याआधी राज्य संपणार होते.

हे प्रकरण बीडच्या बाजूने लिहायचे कारण सांगतो. त्या काळी बीडकरांची राजधानी मुंबई नव्हती, हैदराबाद होती. संस्थानाचे सोळा जिल्हे, त्यांतले औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड आणि उस्मानाबाद हे पाच मराठी. जिल्ह्याचा मुख्य अधिकारी अव्वल तालुकदार, त्याच्या कचेरीची भाषा उर्दू, सारा भरायचा तो हाली शिक्क्यात, म्हणजे निजामाच्या नाण्यात. गावच्या पटवाऱ्याचा कागद वर चढत चढत शेवटी जिथे पोचे ते दप्तर हैदराबादला. आणि तरीही ही राजधानी लांबच होती. बीड शहराला रेल्वे नव्हती. हैदराबाद गाठायचे तर वर जालन्याला जाऊन काचीगुड्याची मीटरगेज पकडायची, नाहीतर परळीहून बिदर-विकाराबादमार्गे जायचे. उलट आष्टी-पाटोद्याच्या शेतकऱ्याला सरहद्दीपलीकडचे जामखेड आणि नगर जवळ. कापूस, ज्वारी, जनावरे घेऊन तो तिकडच्या बाजाराला जाई, कलदार, म्हणजे ब्रिटिश हिंदुस्थानचे रुपये घेऊन येई आणि घरी येऊन हाली मोजे. सहा कलदार म्हणजे ढोबळमानाने सात हाली, हा हिशेब सरहद्दीवरच्या पोरालाही तोंडपाठ असे. दोन नाण्यांमध्ये जगणाऱ्या या माणसाला राजधानीत काय शिजते आहे हे वर्तमानपत्रातून कळत नव्हते. ते कळे करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या नाक्यावर.

राजधानीविरुद्धची हाकसुद्धा याच जिल्ह्यात बळावली. मूळचे व्यंकटेश खेडगीकर, संन्यासानंतरचे स्वामी रामानंद तीर्थ, 1935 मध्ये अंबाजोगाईच्या योगेश्वरी विद्यालयात आले. सरकारदरबारी त्या गावाचे नाव मोमिनाबाद. मराठीतून शिकवणारी शाळा चालवणे हीच त्या राज्यात एक भूमिका होती, कारण उच्च शिक्षण उर्दूतून आणि नोकरीचा रस्ताही उर्दूतूनच जाई. पुढे ते हैदराबाद स्टेट काँग्रेसचे अध्यक्ष झाले. भारतात सामील व्हा ही मागणी घेऊन 7 ऑगस्ट 1947 ला लढा सुरू झाला आणि 15 ऑगस्टला, दिल्लीत ध्वज चढत असताना, स्वामीजींना अटक झाली. नोव्हेंबरअखेर जैसे थे करारानंतर सुटले, जानेवारीत पुन्हा आत गेले, ते राज्य पडेपर्यंत.

आता शहराकडे वळू.

डिसेंबर 1947 मध्ये मीर लायक अली पंतप्रधान झाले. ते व्यवसायाने अभियंते आणि कारखानदार. काही महिन्यांपूर्वीच संयुक्त राष्ट्रांत पाकिस्तानच्या शिष्टमंडळात बसून आलेले. सरकार त्यांचे, पण शहराचा सूर लावला कासीम रझवी या लातूरच्या वकिलाने. मजलिस-ए-इत्तेहादुल मुस्लिमीन ही संघटना त्याच्या हाती 1946 च्या अखेरीस आली होती. तिचे रझाकार दल आधीचे नेते बहादूर यार जंग यांच्या काळात स्वयंसेवकांचे पथक होते. रझवीने त्याला गणवेश दिला, कवायत दिली, शपथ दिली आणि जमेल तिथे शस्त्र दिले. दारुस्सलाम हे संघटनेचे मुख्य ठिकाण म्हणजे राजधानीतली दुसरी राजधानीच झाली. संस्थानाची नियमित फौज सुमारे 22 हजार. रझाकारांचा आकडा दोन लाखांपर्यंत सांगितला जाई. यातल्या बहुतेकांकडे तलवारी, भाले, ठासणीच्या बंदुका असत. आकडा खरा की फुगवलेला हा मुद्दा त्या वेळी गौण होता. शहराला तो खरा वाटत होता, हे महत्त्वाचे. लाल किल्ल्यावर असफजाही झेंडा लावू अशा गर्जना ऐकून घरी जाणाऱ्या माणसाच्या डोक्यात आघाडीवर किती तोफा आहेत हा प्रश्न शिल्लक राहत नाही.

युद्धाच्या तयारीत राजधानीची लोकवस्तीही हलते. हैदराबादेत ती दोन्ही दिशांनी हलली. फाळणीच्या कत्तलींनी हादरलेली मुस्लिम कुटुंबे वऱ्हाड, मध्य प्रांत, मुंबई इलाखा आणि त्याहून लांबून निजामाच्या छत्राखाली येत होती. त्यांच्या मनातली भीती खरी होती. तिचा वापर ज्यांनी केला त्यांचा दोष त्या कुटुंबांच्या माथी मारता येणार नाही. दुसरीकडे, ज्या हिंदू कुटुंबांना परवडत होते ती बायकामुलांना मुंबई, मद्रास, नागपूरकडे पाठवत होती. एकाच स्टेशनावर एका गाडीतून भेदरलेली माणसे उतरत आणि दुसरीत तितकीच भेदरलेली चढत.

माणसे जशी हलतात तशा युत्याही. एरवी एका ताटात न जेवणारे लोक तयारीच्या दिवसांत एका मांडवाखाली दिसू लागतात. बी. एस. व्यंकटराव आणि श्यामसुंदर हे दलित नेते निजामाच्या बाजूला उभे राहिले. व्यंकटराव मंत्री झाले, श्यामसुंदर संयुक्त राष्ट्रांकडे गेलेल्या शिष्टमंडळात होते. डॉ. आंबेडकरांनी मात्र नोव्हेंबर 1947 मध्येच दलितांना बजावले होते की निजामाची किंवा मुस्लिम लीगची बाजू घेऊ नका. आणि ज्या कम्युनिस्टांशी तेलंगणात सरकारची सशस्त्र झुंज चालू होती, त्यांच्यावरची बंदी मे 1948 मध्ये याच सरकारने उठवली.

या शहराच्या आत्मविश्वासाला आधार होता. सिंगरेणीचा कोळसा स्वतःचा, शहाबादचे सिमेंट स्वतःचे, बोधनची साखर, सिरपूरचा कागद, वारंगळच्या आझमजाही गिरणीचे कापड, स्वतःची रेल्वे, स्वतःचे टपाल, स्वतःची विमान कंपनी, स्वतःचे नाणे. ब्याऐंशी हजार चौरस मैलांचे, एक कोटी साठ लाखांवर लोकसंख्येचे राज्य. युरोपातले कितीतरी देश याहून लहान. कागदावर मांडले तर हे गणित पटण्यासारखे होते. त्यात एक रकाना रिकामा होता: समुद्र. चारी बाजूंनी भारताने वेढलेल्या राज्याला बंदर नव्हते. पोर्तुगीजांकडून मार्मागोवा मिळवण्याची बोलणी 1947 मध्ये करून पाहिली गेली, त्यातून काही निघाले नाही.

त्यामुळे भारताने माल अडवायला सुरुवात केली तेव्हा कळ पोचली ती अनपेक्षित जागी. पेट्रोल, औषधे, यंत्रांचे सुटे भाग हे तर झालेच. मीठ बाहेरूनच यायचे. आणि क्लोरीन. 1908 च्या मुसी नदीच्या महापुराने शहर उद्ध्वस्त केल्यानंतर उस्मानसागर आणि हिमायतसागर ही धरणे बांधली गेली, त्यांचे पाणी राजधानी पीत होती. लाखोंच्या वस्तीचे पाणी शुद्ध ठेवायला क्लोरीन लागते आणि ते कोंडीत अडकले, ही हैदराबाद सरकारची मोठी तक्रार होती. भारत सरकारचे म्हणणे वेगळे होते, पण शहरातल्या रुग्णालयातल्या माणसाला त्या वादाशी कर्तव्य नव्हते. शहराला तोफांच्या आधी वाण्याचे दुकान आणि पाण्याचा नळ सांगतो की काहीतरी बदलले आहे.

वेढ्यावर उपाय आकाशातून शोधला गेला. सिडनी कॉटन नावाचा ऑस्ट्रेलियन वैमानिक, दुसऱ्या महायुद्धात विमानातून छायाचित्रण करण्याच्या कामात नाव कमावलेला, लँकास्ट्रियन विमानांतून कराचीहून रात्री शस्त्रे आणू लागला. उन्हाळा सरता सरता सुरू झालेल्या या खेपा सप्टेंबरपर्यंत चालल्या. बिदर, वारंगळ, हकीमपेठ इथल्या धावपट्ट्या त्यासाठी वापरल्या गेल्या. पुढे लंडनच्या न्यायालयाने कॉटनला दोनशे पौंड दंड केला. ही उड्डाणे शहरात फार काळ गुपित राहिली नाहीत, आणि शस्त्रांच्या संख्येपेक्षा त्यांच्या बोलबाल्याचे वजन जास्त पडले. प्रत्येकाला वाटू लागले की कुणीतरी आपल्या मदतीला येते आहे.

पैशाचीही तीच गत. पाकिस्तानला वीस कोटींचे कर्ज भारत सरकारच्या रोख्यांत देऊन निजाम सरकारने दिल्लीचा रोष ओढवून घेतला, आणि एका वटहुकमाने संस्थानात भारतीय चलन बेकायदा ठरवले. राजधानीच्या खजिन्यात बसून हा निर्णय सार्वभौमत्वाचा वाटला असेल. पाटोद्याच्या शेतकऱ्याच्या कनवटीला कलदार होते. ज्या बाजारात तो पिढ्यान्पिढ्या माल विकत आला तिथला रुपया त्याच्या स्वतःच्या गावात गुन्हा ठरला. वर लेव्हीचे धान्य होतेच. महायुद्धाच्या काळात सुरू झालेली ही सक्तीची वसुली संपली नव्हती. शहराचे रेशन चालू ठेवायला खेड्याच्या कणगीत हात घालावा लागे. स्टेट काँग्रेसच्या सरहद्दीवरच्या छावण्यांतून निघालेल्या तरुणांनी हल्ल्यासाठी करोडगिरीचे नाके निवडले, पटवाऱ्यांची दप्तरे जाळली, लेव्हीच्या कोठारांवर धाडी घातल्या, त्याचा अर्थ यात आहे. राजधानी खेड्यात ज्या ज्या रूपाने उभी होती तिथे तिथे त्यांनी घाव घातला. 30 जानेवारी 1948 ला नांदेड जिल्ह्यातल्या उमरीची सरकारी बँक लुटली गेली, तीही याच हिशेबाने.

इथे थोडे थांबून इतर राजधान्यांकडे पाहू. 1 सप्टेंबर 1939 ला, युद्ध जाहीर व्हायच्या दोन दिवस आधी, लंडनने आपली मुले गाड्यांत बसवून खेड्यांकडे पाठवायला सुरुवात केली. चारेक दिवसांत लंडन आणि इतर मोठ्या शहरांतून सुमारे 15 लाख माणसे हलवली गेली. ऑक्टोबर 1941 मध्ये जर्मन फौजा जवळ आल्यावर मॉस्कोने सरकारी खाती आणि परदेशी वकिलाती कुइबिशेव्हला हलवल्या. स्टॅलिन मागे राहिला आणि 7 नोव्हेंबरला लाल चौकातल्या संचलनातून सैनिक थेट आघाडीवर गेले. दोन्ही राजधान्यांनी गृहीत धरले होते की मार आपल्याला बसणार आहे.

बीडच्या मातीत याचा आणखी जवळचा दाखला आहे. 1763 च्या उन्हाळ्यात निजाम अली आणि जानोजी भोसले यांच्या फौजा पुण्यावर चालून आल्या तेव्हा पेशव्यांची फौज मुलखाबाहेर होती आणि पुण्याला तट नव्हता. शहराने लढण्याचा आव आणला नाही. गोपिकाबाई आणि पेशव्यांचे कुटुंब सिंहगडाकडे गेले, ज्यांना जमले ते लोक आसपासच्या किल्ल्यांवर चढले, दप्तरे हलवली गेली. निजामाच्या फौजेने पुणे लुटले, घरे जाळली, आणि सिंहगडाच्या पायथ्याशी आणलेले कितीतरी जुने कागद आगीत गेले. मराठ्यांच्या इतिहासातली ही हानी कधीच भरून आली नाही, तिच्याविषयी आपण पुरेसे बोलतही नाही. उत्तर मिळाले ते आजच्या गेवराई तालुक्यात, गोदावरीच्या दक्षिण काठावर, राक्षसभुवनला. निजाम नदी ओलांडून गेला होता, त्याचा दिवाण विठ्ठल सुंदर अलीकडे राहिला होता. 10 ऑगस्ट 1763 ला अठरा वर्षांच्या माधवराव पेशव्यांनी आणि राघोबादादांनी त्याला गाठले. विठ्ठल सुंदर लढाईत पडला. आज तिथे लोक शनीच्या दर्शनाला येतात.

पुणे रिकामे झाले म्हणून माणसे वाचली. मॉस्कोने आपली खाती हलवली. 1948 चे हैदराबाद उलट भरत गेले. माणसे, शस्त्रे, भाषणे, आशा, सगळे राजधानीकडे ओढले गेले आणि कडेचे जिल्हे उघडे पडले. रझाकारांची पथके बीड, उस्मानाबाद, नांदेडच्या खेड्यांत खंडणी, जाळपोळ, खून करत फिरत होती. सरहद्दीवरची गावे रात्री शेतात झोपू लागली, कित्येक घरे कुलपे लावून नगरकडे निघून गेली. राजधानीत या घटनांचा उल्लेख झाला तरी तो भारताच्या अपप्रचाराचा भाग म्हणून होई.

युद्धकाळात राजधानीत होणाऱ्या बदलांपैकी मला सगळ्यात घातक वाटतो तो हाच. खंदक, रेशन, गणवेश हे बदल डोळ्यांना दिसतात आणि उलटवताही येतात. बातमी आत यायचा रस्ता बंद झाला की शहराला स्वतःची स्थिती कळेनाशी होते. हैदराबादेत तो रस्ता कसा बंद झाला याची तारीख सांगता येते.

शोएबुल्ला खान हा तिशीही न गाठलेला पत्रकार ‘इमरोज’ हे उर्दू दैनिक चालवत होता. ऑगस्ट 1948 च्या मध्याला सात प्रतिष्ठित मुस्लिम नागरिकांनी एक निवेदन काढले. भारताशी तडजोड करा, रझाकारांना आवरा, असा त्याचा आशय. ‘इमरोज’ने ते छापले, आणि त्याचे अग्रलेखही त्याच बाजूचे होते. काही दिवसांनी रझवीने जाहीर सभेत धमकी दिली की मुसलमानांच्या सत्तेविरुद्ध उठणारे हात छाटले जातील. 21 ऑगस्टच्या रात्री काम आटोपून शोएबुल्ला घरी निघाला होता. मध्यरात्र उलटत असताना त्याच्यावर हल्ला झाला. गोळ्या घातल्या आणि त्याचा हात तोडला, लिहिणारा हात. दुसऱ्या दिवशी तो गेला. मारणारे आणि मरणारा एकाच धर्माचे, एकाच शहराचे, एकाच भाषेचे होते. हैदराबादच्या लढ्याकडे फक्त हिंदू-मुस्लिम संघर्ष म्हणून पाहणाऱ्याने या तरुणाच्या गोष्टीसाठी आपल्या मांडणीत जागा करायला हवी.

योगायोगाने त्याच दिवशी, 21 ऑगस्टला, हैदराबाद सरकारने संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेकडे भारताविरुद्ध तक्रारीची तार केली. जगाने आपले ऐकावे म्हणून राजधानी धडपडत होती आणि स्वतःच्या उर्दू वर्तमानपत्राचा आवाज तिला सोसत नव्हता. शोएबुल्लानंतर शहरात खरे बोलायचे तर दार लावून. सेनापती अल इद्रूस हे दोन महायुद्धांचा अनुभव असलेले अधिकारी. आपल्या फौजेला भारतीय चिलखती दलासमोर फार काळ तग धरता येणार नाही हे त्यांना दिसत होते. सैनिकाचा असा अंदाज सरकारच्या बैठकीत ऐकला जातो का, यावर राज्याचे भवितव्य ठरते. हैदराबादेत दारुस्सलामचा आवाज मोठा होता.

13 सप्टेंबर, सोमवार. दोनच दिवसांपूर्वी जिनांचे निधन झाले होते. मेजर जनरल जयंतनाथ चौधरी यांचे चिलखती दल सोलापूरहून निघाले आणि सकाळीच नळदुर्ग त्यांच्या हाती आले. बोरी नदीवरचा पूल उडवला जाण्याआधी शाबूत मिळाला, त्यामुळे हैदराबादचा रस्ता उघडा झाला. विमानांनी बिदर आणि वारंगळच्या धावपट्ट्यांवर मारा केला. कॉटनच्या खेपा तिथेच थांबल्या. उत्तरेकडून मेजर जनरल ब्रार यांच्या फौजा औरंगाबाद-जालन्यात शिरल्या. दोन बाजूंनी येणाऱ्या या रेट्यात बीड जिल्हा मधोमध सापडला, पण लढाई म्हणावी असे जिल्ह्यात घडले ते मोमिनाबादला. जालन्यात एक गुरखा कंपनी ठेवून उरलेली तुकडी लातूरकडून 15 सप्टेंबरला तिथे पोचली. समोर होते गोवळकोंडा लान्सर्स, निजामाचे नावाजलेले घोडदळ. त्यांनी नावापुरता प्रतिकार केला आणि शस्त्रे खाली ठेवली.

हे ठिकाण लक्षात घ्या. मोमिनाबाद म्हणजे हैदराबाद कंटिंजंटच्या घोडदळाची जुनी छावणी. वर्षानुवर्षे राजधानीची जरब मराठवाड्याच्या या भागावर बसावी म्हणून घोडे जिथे बांधले गेले, आणि जिथल्या शाळेतून स्वामीजींनी त्या जरबेविरुद्ध मुले उभी केली, तिथे ती जरब एका दिवसात उतरली. शहरात मात्र त्या दिवशीही शेवटपर्यंत लढण्याची भाषा चालू होती. पॅरिसमध्ये मोईन नवाज जंग यांच्या नेतृत्वाखालचे हैदराबादचे शिष्टमंडळ सुरक्षा परिषदेपुढे उभे राहिले ते 16 तारखेला. तोवर झहीराबाद पडले होते.

17 सप्टेंबरच्या सकाळी लायक अलींच्या मंत्रिमंडळाने राजीनामा दिला. संध्याकाळी डेक्कन रेडिओवर खुद्द निजाम बोलला. युद्ध थांबवल्याचे, रझाकारांवर बंदी घातल्याचे त्याने सांगितले. कित्येक हैदराबादकरांना आपण हरलो आहोत हे रेडिओच्या त्या प्रक्षेपणातूनच कळले असेल. दुसऱ्या दिवशी दुपारी शहराबाहेर अल इद्रूस यांनी चौधरींपुढे शरणागती पत्करली. राजधानीच्या गल्लीबोळांत लढाई झालीच नाही. चारमिनार, पत्थरगट्टी, किंग कोठी, सगळे होते तसेच राहिले. साडेदहा महिने जे शहर युद्धाच्या भाषेत जगले त्याला युद्ध शिवले नाही.

ते शिवले जिल्ह्यांना, आणि तेही मुख्यतः 17 सप्टेंबरनंतर. मराठवाड्यात मुक्तिदिनी ध्वजारोहण होते, हुतात्म्यांना मानवंदना दिली जाते, ते योग्यच आहे. रझाकारांच्या जाचातून सुटलेल्या गावांचा आनंद खरा होता. पण त्याच आठवड्यांत काय झाले हेही बीडच्या माणसाने वाचायला हवे. रझाकार पळाले किंवा पकडले गेले. त्यांच्या कृत्यांचा सूड गावोगावच्या सामान्य मुस्लिम कुटुंबांवर उगवला गेला. विणकर, शेतमजूर, लहान दुकानदार, कोतवालीतले शिपाई, ज्यांचा दारुस्सलामशी काडीचा संबंध नव्हता अशी माणसे मारली गेली, बायकांची विटंबना झाली, घरे लुटली गेली. विहिरी प्रेतांनी भरल्याच्या नोंदी आहेत.

पंतप्रधान नेहरूंनी पंडित सुंदरलाल यांच्या नेतृत्वाखाली एक सद्भावना समिती पाठवली. काझी अब्दुल गफ्फार आणि मौलाना अब्दुल्ला मिसरी हे तिचे इतर सदस्य. नोव्हेंबरच्या अखेरीपासून डिसेंबर 1948 पर्यंत ती संस्थानभर फिरली, खेड्यांत बसून माणसांशी बोलली. रझाकारांचे अत्याचार तिने झाकले नाहीत. पण पुढच्या दिवसांत मेलेल्यांची संख्या, अगदी हात राखून अंदाज केला तरी, 27 ते 40 हजार असावी असे तिने लिहिले. उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर, नांदेड या चार जिल्ह्यांत सर्वाधिक, 18 हजारांहून कमी नाहीत. त्याखालोखाल औरंगाबाद, बीड, नळगोंडा आणि मेदक मिळून किमान पाच हजार. काही ठिकाणी लष्कराचे जवान आणि पोलीस लुटीत आणि हत्यांत सामील होते, हेही अहवालात आहे. आणि हिंदू शेजाऱ्यांनी जीव धोक्यात घालून मुस्लिम कुटुंबे वाचवल्याची उदाहरणेही आहेत. नकाशावर हे जिल्हे पाहिले तर हैदराबाद शहर त्यांत नाही.

यानंतर राजधानीची घडी झपाट्याने बदलली. चौधरी लष्करी राज्यपाल झाले, कासीम रझवी तुरुंगात गेला, 1957 मध्ये सुटून पाकिस्तानात गेला. लायक अली नजरकैदेतून 1950 मध्ये निसटले. निजाम राजप्रमुख झाला. हाली शिक्का हळूहळू मागे घेतला गेला आणि 1959 मध्ये चलनातून गेला. त्याआधीच, 1 नोव्हेंबर 1956 ला, बीड जिल्हा मुंबई राज्यात आला आणि त्याची राजधानी बदलली.

सुंदरलाल समितीचा अहवाल मात्र दिल्लीत पडून राहिला. सरकारने तो प्रसिद्ध केला नाही. त्यातले काही भाग अभ्यासकांच्या हाती तुकड्यातुकड्यांनी लागत गेले, आणि दिल्लीच्या तेव्हाच्या नेहरू स्मारक ग्रंथालयात तो पाहता येतो हे सर्वदूर कळले ते 2013 च्या सुमारास. ज्या बीडमध्ये ही माणसे मेली, तिथे त्यांची खेडीनिहाय यादी आजही कोणत्याही कचेरीत लावलेली नाही. ती तयार करायची तर गावोगावची जुनी दप्तरे, कब्रस्ताने आणि ऐंशी-नव्वदी ओलांडलेल्या माणसांच्या आठवणी एवढीच साधने उरली आहेत, आणि त्यांपैकी शेवटचे साधन दरवर्षी कमी होत चालले आहे.